ज्या स्टेशनला रस्ता नव्हता

बाला जंक्शनला रस्ता जात नव्हता. ना टांगा, ना मोटार, ना बस. तिथे गाडीने यायचं, फलाट ओलांडायचा आणि दुसऱ्या गाडीत बसून निघून जायचं. चुकून मागे राहिलात तर शेतातली पायवाट नाहीतर पुढची गाडी.

हे मला आमच्या शेजारच्या आजींनी सांगितलं, आणि मी हातातला चहाचा कप खाली ठेवला. स्टेशन म्हटलं की माझ्या डोळ्यांसमोर आधी बाहेरचा चौक येतो. चहाची टपरी, पेरूवाली, सायकली, एसटीची वाट बघणारी माणसं. माझे बाबा स्टेशन मास्तर होते. दौंड–सोलापूर लाइनीवरच्या रेल्वे क्वार्टर्समध्ये आम्ही वाढलो. भिगवण, पारेवाडी, जेऊर, केम ही नावं मला पाढ्यांच्या आधी पाठ होती. रस्ताच नाही असं स्टेशन कुणी कशाला बांधेल, हे समजून घेतल्याशिवाय मला चैन पडणार नव्हतं.

मी सध्या वेल्समध्ये, रेक्सम या शहरात राहते. एक्स-रे काढणं हे माझं काम. उत्तर वेल्समध्ये आजीला ‘नाइन’ म्हणतात. या शेजारच्या आजींना आख्खी गल्ली नाइन म्हणते, म्हणून मीही म्हणते. त्या मूळच्या अरेनिगच्या, म्हणजे बाला गावाच्या पश्चिमेला डोंगरात, खडीच्या खाणीशेजारी जी थोडी घरं आहेत तिथल्या. लहानपणी त्या रोज आगगाडीने बालाला शाळेत जायच्या. “बाला” हा शब्द त्या इतक्या मायेने उच्चारतात की मला पहिल्यांदा त्या कुणाला तरी “बाळा” म्हणताहेत असंच वाटलं होतं. वेल्श भाषेत ‘बाला’ म्हणजे तळ्यातून नदी बाहेर पडते ती जागा. गाव अगदी तसंच वसलेलं आहे. समोर ल्हिन तेगिद हे वेल्समधलं सगळ्यात मोठं नैसर्गिक तळं, सहा किलोमीटर लांब, आणि त्याच्या टोकाशी बाहेर पडणारी डी नदी. (‘ल्हिन’ मधला ‘ल्ह’ मी फक्त जवळपास लिहिलाय. ‘ल’ म्हणायला जीभ टाळूला लावायची आणि आवाज न काढता बाजूने नुसती हवा सोडायची. मला दोन वर्षं लागली.)

गावाची वस्ती जेमतेम दोन हजार. रस्त्यात, दुकानात सगळीकडे वेल्श ऐकू येते. आणि या एवढ्याशा गावाच्या नावाची वेगवेगळ्या काळात मिळून चार स्टेशनं होऊन गेली. मोठ्या रेल्वेचं आज एकही नाही.

गेल्या एप्रिलमध्ये एका सुट्टीच्या दिवशी मी टी-थ्री बस पकडली. ही बस रेक्समहून निघते आणि लांगोलेन, कॉरवेन, बाला, डोल्गेलाय करत समुद्रकाठच्या बारमथला जाते. रेक्समजवळच्या रुआबॉनच्या पुढे तिचा मार्ग म्हणजे जवळजवळ जुन्या रेल्वेचाच मार्ग आहे, डी नदीचा हात धरून वर वर जाणारा. नाइननी मला एका जुन्या पाकिटाच्या मागे नकाशा काढून दिला होता. त्यात रस्ते नव्हते. फक्त नद्या, तळं आणि रूळ.

पहिलं स्टेशन १८६८ सालचं. त्या वर्षीच्या एप्रिलमध्ये कॉरवेनकडून रूळ बालापर्यंत पोचले आणि ऑगस्टमध्ये तळ्याच्या दक्षिण काठाने पुढे डोल्गेलायपर्यंत गेले. या मार्गामागचा इंजिनियर हेन्री रॉबर्टसन. त्याने पुढे वाटेतच, लान्डेरव्हेलला, पाले हॉल नावाचा वाडा बांधला. १८८९ च्या ऑगस्टमध्ये व्हिक्टोरिया राणी त्या वाड्यात मुक्कामाला आली ती याच रुळांवरून. त्याआधीच्या बालाची एक गोष्ट इथल्या प्रत्येक मुलाला माहीत असते. १८०० साली मेरी जोन्स नावाची एक गरीब मुलगी स्वतःचं बायबल मिळवायला पंचवीसेक मैल अनवाणी चालत इथे आली होती. बालाला येणं म्हणजे काय होतं, ते त्यावरून कळतं.

पण रूळ आले ते तळ्याच्या दक्षिण बाजूने, आणि गाव नदीच्या अलीकडे. त्यामुळे पहिलं स्टेशन गावापासून जरा लांबच पडलं, पूल ओलांडून पेनीबोन्टला. पेनीबोन्ट म्हणजे पुलाचं टोक. लोक बाजाराच्या दिवशी तिथून चालत यायचे.

मग स्लेट आली, म्हणजे पाटीचा दगड. बालाच्या वायव्येला ब्लायनाय फेस्टिनियोग नावाचं गाव आहे. तिथल्या डोंगरातली काळी-निळी स्लेट तेव्हा सगळ्या इंग्लंडच्या छपरांवर जात होती. तो माल आपल्या रुळांवरून यावा म्हणून ग्रेट वेस्टर्न रेल्वे या कंपनीच्या पाठिंब्याने बाला ते फेस्टिनियोग अशी नवी लाइन टाकली गेली. ती १ नोव्हेंबर १८८२ ला सुरू झाली, आणि पुढच्या वर्षी जुनी छोटी लाइन रुंद करून थेट ब्लायनायपर्यंत पोचली. सुमारे पंचवीस मैलांची ही लाइन बाराशे फुटांहून वर चढते, आणि कुम प्रसोरच्या खोऱ्यात तिचा नऊ कमानींचा दगडी पूल अजून उभा आहे.

नवी लाइन गावातून जाणार होती, पण जुन्या लाइनीला ती मिळणार होती जुन्या स्टेशनच्या पूर्वेला, मोकळ्या शेतात. म्हणून त्याच दिवशी तीन गोष्टी झाल्या. पेनीबोन्टचं जुनं स्टेशन बंद झालं, गावात नवं स्टेशन उघडलं आणि दोन लाइनी जिथे मिळतात तिथे बाला जंक्शन उभं राहिलं. जंक्शन गावापासून मैलभराच्या आत होतं, तरी कुणालाही तिथे चालत जायची गरज नव्हती. रुआबॉनहून बारमथला जाणारी मोठी गाडी जंक्शनला थांबायची, समोर गावाची छोटी गाडी उभी असायची. लोक सामान उचलून इकडून तिकडे जायचे. रस्ता कशासाठी हवा?

हे मी बाबांना फोनवर सांगितलं. त्यांचा पहिला प्रश्न, “केबिन होती का?” म्हणजे सिग्नलची खोली. होती. “मग तिथला माणूस कामावर कसा जायचा?” अर्थात गाडीने. बाबा जरा थांबले आणि म्हणाले, “रात्रपाळीला एकटा असेल तो.” त्यांनी स्वतः कितीतरी रात्री अशा काढल्यात. एकेरी लाइनीवर पुढच्या स्टेशनाने लाइन क्लिअर, म्हणजे वाट मोकळी असल्याची परवानगी, दिल्याशिवाय गाडी सोडता येत नाही. यंत्रातून लोखंडी गोळा बाहेर पडतो, तो ड्रायव्हरच्या हातात गेला की ती लाइन त्या गाडीची. इकडेही तत्त्व तेच, फक्त गोळ्याच्या जागी वेगळ्या आकाराचं टोकन. बाबांना बालाच्या इतिहासातलं बाकी काही विचारायचं नव्हतं. त्या केबिनमधल्या माणसाला मात्र ते ओळखत होते.

चौथं स्टेशन फार दिवस टिकलं नाही. १९३४ मध्ये पेनीबोन्टजवळच, तळ्यावर येणाऱ्या लोकांसाठी, बाला लेक हॉल्ट नावाचा छोटा थांबा काढला. १९३९ ला महायुद्ध सुरू झालं आणि तो बंद झाला. पाच वर्षं, बस.

त्यापेक्षा मला तळ्याच्या काठचा दुसरा एक थांबा जास्त आवडला. दक्षिण काठावर एक ‘फ्लॅग स्टेशन’ होतं. समोरच्या काठावर सर वॉटकिन विल्यम्स-विन या बड्या जमीनदाराचा ग्लानल्हिन वाडा, आणि रूळ गेले होते त्याच्या इस्टेटीतून. साहेबांना प्रवास करायचा असला की निशाण दाखवून गाडी थांबवायची, परतताना इथेच उतरून होडीने तळं ओलांडायचं आणि घरी. पुढे १९५० मध्ये त्याच वाड्यात ‘ऊर्द’ या वेल्श मुलांच्या संघटनेचं शिबिर सुरू झालं, आणि जमीनदाराच्या थांब्यावर पाठीवर पिशव्या घेतलेली शाळकरी पोरं उतरायला लागली. ऊर्दची स्थापना १९२२ ची, आणि ती करणारे इव्हान अब ओवेन एडवर्ड्स याच तळ्याच्या दुसऱ्या टोकाचे, लानिउख्लिनचे. शिबिर आजही भरतं.

बसमधून उतरून मी आधी गावातल्या स्टेशनची जागा बघितली. तिथे आता छोट्या उद्योगांच्या शेड आहेत. नाइननी सांगितलं होतं की तिथे इंजिन शेडही होतं, आणि ते आमच्या रेक्सममधल्या क्रोएस न्यूइड शेडच्या हाताखाली होतं. म्हणजे मी आज जिथे भाजी आणायला जाते त्या बाजूची इंजिनं रात्री बालात झोपायची. हे कळल्यापासून दोन्ही गावं मला जवळ आली आहेत.

मग नदीच्या काठाने जंक्शनच्या दिशेने निघाले. वाटेत त्रवेरिन नदी लागते, गावाच्या खालच्या अंगाला डी नदीला येऊन मिळणारी. पाऊस नव्हता, तरी त्रवेरिन जोरात वाहत होती. तिचं पाणी आता पावसावर अवलंबून नाही. ते वरच्या धरणातून मोजून सोडलं जातं.

इथून पुढचं लिहिताना माझा हात जड होतो.

१९५० च्या दशकात लिव्हरपूल शहराला आणखी पाणी हवं होतं. महापालिकेने बालाच्या वरचं त्रवेरिनचं खोरं निवडलं. त्या खोऱ्यात कापेल केलिन नावाचं गाव होतं. शाळा, पोस्ट, प्रार्थनाघर आणि बारा घरं-शेतं. तिथली सगळी माणसं वेल्श बोलणारी. १९३० पासून गावाला रेल्वेचा स्वतःचा छोटा थांबाही होता. गावातली माणसं, पोरांसकट, १९५६ च्या नोव्हेंबरमध्ये लिव्हरपूलच्या रस्त्यांवर मोर्चा घेऊन गेली. उपयोग झाला नाही. महापालिकेने स्थानिक परवानगीच्या भानगडीत न पडता थेट संसदेतून कायदा करून घेतला. वेल्सच्या ३६ खासदारांपैकी ३५ विरोधात होते, तरीही १९५७ मध्ये तो मंजूर झाला. ६७ लोकांपैकी ४८ जणांची घरं गेली. १९६५ च्या ऑक्टोबरमध्ये धरणाचं उद्घाटन झालं तेव्हा लोकांनी तो समारंभ धड होऊ दिला नाही. लिव्हरपूलने माफी मागितली ती २००५ साली. समुद्रकाठच्या हमरस्त्यावर एका पडक्या भिंतीवर ‘कोव्युख द्रवेरिन’, म्हणजे ‘त्रवेरिन विसरू नका’, असं रंगवलेलं आहे. वेल्समध्ये ते शब्द माहीत नाहीत असा माणूस मला अजून भेटलेला नाही.

रेल्वेचं काय झालं? रूळ त्याच खोऱ्यातून जात होते. ते धरणाच्या वरून वळवायचा विचार झाला होता. पण गाड्या रिकाम्या धावतात, एवढा खर्च कशाला, असं ठरलं. शनिवार २ जानेवारी १९६० ला प्रवाशांची शेवटची गाडी गेली. वर्षभर मालगाड्या चालल्या, आणि १९६१ च्या जानेवारीत त्याही थांबल्या. त्याऐवजी लिव्हरपूलच्या पैशांनी ब्लायनायमधल्या दोन वेगवेगळ्या स्टेशनांना जोडणारा रुळांचा तुकडा बांधला गेला, कारण याच लाइनीवरच्या ट्रॉसव्हनिथला अणुवीज केंद्र उभं राहत होतं आणि त्याचा माल बाहेर काढायला दुसऱ्या टोकाने वाट हवी होती. म्हणजे अणुभट्टीसाठी रूळ राहिले, अरेनिगच्या पोरींसाठी नाही राहिले.

हे वाचून मला उजनी आठवलं. आमच्या लाइनीवर डिकसळजवळ ब्रिटिशांनी बांधलेला जुना रेल्वे पूल आहे. उजनीचं पाणी येणार म्हणून रूळ तिथून हलवले, लाइन वळवून नेली आणि जुना पूल रस्त्याला दिला. गावं आमच्याकडेही बुडाली. पळसदेवचं देऊळ उन्हाळ्यात पाण्यातून वर येतं तेव्हा लोक अजून होडीने दर्शनाला जातात. ते दुःख कमी आहे असं मला म्हणायचं नाही. पण धरणापायी लाइन वळवता येते हे मी लहानपणापासून खिडकीतून बघत आलेय. बालालाही ती वळवता आली असती.

फेस्टिनियोगची लाइन गेल्यावर जंक्शनच्या हाती एक मुख्य लाइन आणि गावापर्यंतचा छोटासा फाटा राहिला. १९६३ मध्ये ब्रिटिश रेल्वेचे प्रमुख बीचिंग साहेबांचा अहवाल आला आणि त्यात रुआबॉन–बारमथ मार्ग बंद करायच्या यादीत होता. ती तारीख यायच्या आधीच, १९६४ च्या डिसेंबरमध्ये, डी नदीला मोठा पूर आला आणि रुळांखालची माती वाहून गेली. तोडायचीच लाइन, दुरुस्त कोण करणार? १८ जानेवारी १९६५ पासून मार्ग अधिकृतरीत्या बंद झाला. गावातलं स्टेशन आणि जंक्शन, दोन्ही एकाच वेळी गेली, जशी १८८२ मध्ये एकाच दिवशी उघडली होती.

मी जंक्शनच्या बाजूला पोचले तेव्हा दुपारचे दोन वाजले होते. मेंढ्या, कुंपण, झाडी. पलीकडे सरळ रेषेत गेलेला मातीचा उंचवटा. रेल्वेच्या घरात वाढलेल्या माणसाला तो लगेच ओळखू येतो, कारण डोंगरात सरळ रेष आपोआप येत नाही. मी कुंपणाच्या अलीकडे उभी राहून बाबांना व्हिडिओ कॉल लावला. भारतात तेव्हा संध्याकाळ होती. बाबा बराच वेळ बघत राहिले. मग म्हणाले, “वळण डावीकडे आहे ना? म्हणजे गावाची गाडी त्या अंगाला लागत असणार.” नाइनच्या नकाशावर मी ताडून पाहिलं. बरोबर होतं.

परतीच्या बसला वेळ होता म्हणून पेनीबोन्टला गेले. तिथे आता तळ्याकाठची छोटी रेल्वे चालते. १९७२ मध्ये जुन्या मार्गावर दोन फुटी रूळ टाकून लानिउख्लिनहून ती सुरू झाली आणि १९७६ मध्ये बालाच्या या टोकाला पोचली. साडेचार मैल. स्लेटच्या खाणींत राबलेली इंजिनं ती ओढतात. त्यातलं ‘होली वॉर’ नावाचं इंजिन १९६७ पर्यंत डिनॉर्विकच्या खाणीत काम करत होतं, इथल्या स्लेटखाणींतलं वाफेवर चालणारं शेवटचं. म्हणजे ज्या स्लेटसाठी बालाचं पहिलं स्टेशन बंद पडलं, त्या स्लेटच्या खाणीतलं इंजिन आता त्याच परिसरात लोकांना फिरवतं.

घरी येऊन मी नाइनना फोटो दाखवले. त्यांनी जंक्शनचा फोटो बोटांनी मोठा करून पाहिला. मग मला म्हणाल्या, “कारियाद, अरेनिगला नेशील?” कारियाद म्हणजे लाडके. त्या अनेक वर्षांत तिकडे गेल्या नव्हत्या.

मे महिन्यातल्या एका रविवारी आम्ही माझ्या गाडीतून निघालो. बालाच्या पुढचा रस्ता धरणाच्या वेळचा आहे. वाटेत व्रोनगोख लागतं. इथे एके काळी व्हिस्कीची भट्टी होती. पहिल्या महायुद्धात तिच्या इमारतीत आधी जर्मन कैदी ठेवले, आणि आयर्लंडमध्ये ब्रिटिशांविरुद्ध झालेल्या १९१६ च्या उठावानंतर अठराशेच्या आसपास आयरिश माणसं. त्यांत पुढे आयरिश स्वातंत्र्यलढ्याचा नेता झालेला मायकल कॉलिन्सही होता. सगळे या लाइनीच्या गाडीने आले, आणि कैदेत एकमेकांना शिकवत मोठे झाले. स्टेशनची इमारत टिकून आहे, तिथे कुणी तरी राहतं. छावणीच्या जागेवर मुलांची शाळा आहे. नाइन म्हणाल्या, त्यांच्या लहानपणी हे कुणी फारसं बोलायचं नाही.

मग धरणाची भिंत आणि पाणी. रस्ता उत्तरेच्या काठाने जातो, म्हणजे जाताना पाणी डाव्या हाताला. इथे गाडी चालवणारा उजवीकडे बसतो, शेजारची सीट डावीकडे येते. निघतानाच नाइन पुढे न बसता मागे, उजव्या बाजूला बसल्या होत्या. मला वाटलं, पाय लांब करायला जागा हवी असेल. काठावरचं स्मारक आलं, पाण्याखाली गेलेल्या प्रार्थनाघराच्या आठवणीसाठी बांधलेलं. मी गाडी हळू केली. त्या डोंगराकडेच बघत राहिल्या आणि म्हणाल्या, “पुढे चल.”

अरेनिगला आम्ही तासभर थांबलो. खाण, तिच्यामागचा काळा डोंगर, वारा. नाइननी काठीने दाखवलं, इथे उभं राहायचो, गाडी त्या वळणावर आली की शिट्टी, आणि मग सगळी पोरं दप्तरं उचलणार. पॅनिअर टँक इंजिन, दोन डबे. कापेल केलिनला चढणारी त्यांची एक मैत्रीण होती. तिच्यासाठी खिडकीजवळची जागा धरून ठेवायची हे ठरलेलं. शेवटच्या गाडीच्या दिवशी नाइन तेरा वर्षांच्या होत्या. त्यानंतर शाळेला बस लागली. मैत्रीण कुठे राहायला गेली ते त्यांनी सांगितलं नाही, मीही विचारलं नाही. पिशवीतून त्यांनी बारा ब्रीथचे दोन तुकडे काढले. बारा ब्रीथ म्हणजे चहात भिजवलेल्या मनुकांचा इथला पाव. तो आम्ही गाडीच्या बॉनेटला टेकून खाल्ला.

निघताना मी त्यांच्यासाठी मागचं डावीकडचं दार उघडलं, कारण परतीला पाणी उजव्या अंगाला येणार होतं. त्यांनी ते दार लावून घेतलं, गाडीला वळसा घातला आणि आपल्या जुन्याच जागेवर जाऊन बसल्या, खिडकीजवळ.